गाडीचा खेळ आणि खेळातली गाडी

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. परळच्या आमच्या शाळेत नववीला उर्दूचा तास चालू होता. शेवटच्या बाकावरचा एक मुलगा बाकाखाली मोबाईल धरून गाड्यांच्या शर्यतीचा गेम खेळत होता. मी मोबाईल काढून घेतला. त्याने मान खाली घातली नाही. उलट विचारलं, "सर, हे बनवायला काय शिकावं लागतं?" वर्ग हसला. मला उत्तर येत नव्हतं, म्हणून मी शिक्षकांचं जुनं हत्यार काढलं, "आधी दहावी तर पास हो."

दहावीनंतर त्याने शिक्षण सोडलं. त्याचा प्रश्न माझ्याकडेच राहिला. मी भाषेचा माणूस. पण वाचत गेलो, तसा या प्रश्नामागे चाळीस वर्षांचा इतिहास निघाला. तो इथे मांडतो.

माझे अब्बा काळी-पिवळी पद्मिनी चालवायचे. पहिल्या पावसात लालबागहून दादरकडे जाताना ते वेग कमी करत आणि म्हणत, "गाडी डोळ्यांनी नाही, बैठकीने कळते." रस्त्यावर सांडलेलं तेल पाण्यावर येतं, टायरची पकड सुटायला लागते आणि ती सुटण्याआधीची थरथर सीटमधून अंगाला समजते. हुबेहूब शर्यतीचा गेम बनवणाऱ्यांपुढचं कोडं हेच आहे. पडद्यासमोर बसलेल्या माणसाला डोळे आहेत, कान आहेत. पण अब्बांची ती बैठक त्याला कुठून द्यायची?

आमच्या पिढीने सायबर कॅफेत 'रोड रॅश' खेळला. मोटरसायकलवरून शेजारच्याला साखळीने हाणायचं आणि पुढे सुटायचं. मजा यायची, पण त्या गाडीला वजन नव्हतं. वजन, वेग, पकड यांचा हिशेब मांडणारे गेम वेगळे. त्यांची सुरुवात साधारण १९८४ पासून धरतात. त्या वर्षी इंग्लंडमध्ये जेफ क्रॅमंड यांचा 'रेव्ह्ज' आला. क्रॅमंड भौतिकशास्त्र शिकलेले. त्यांनी सिल्व्हरस्टोनचा ट्रॅक आणि फॉर्म्युला थ्रीची गाडी संगणकात बसवली. डेव्हिड हंट या खऱ्या रेसिंग चालकाची मदत घेतली. खेळणाऱ्याला गाडीच्या पंखांची मांडणीही बदलता येत असे. हे सगळं बीबीसी मायक्रो नावाच्या संगणकावर, अवघ्या ३२ किलोबाइट स्मृतीत. आज व्हॉट्सॲपवर येणारा 'सुप्रभात'चा एक फोटोसुद्धा त्याहून जड असतो.

इथे मी थबकलो. कारण १९८४-८५ मध्ये भारत सरकारने 'क्लास' या योजनेखाली सुमारे २५० शाळांत संगणक शिक्षण सुरू केलं, तेव्हा दिलेला संगणक हाच होता, बीबीसी मायक्रो. म्हणजे यंत्र तेच. तिकडे एकाने त्यात अख्खा ट्रॅक बसवला. आपल्या बहुतेक मुलांना मात्र ते पाहायलाही मिळालं नाही.

पुढे अमेरिकेत डेव्हिड केमर यांच्या पपायरस कंपनीने १९८९ मध्ये 'इंडियानापोलिस ५००' काढला आणि १९९८ मध्ये 'ग्रां प्री लेजंड्स'. या दुसऱ्या गेममध्ये १९६७ सालच्या गाड्या होत्या. तेव्हा फॉर्म्युला वनच्या गाड्यांना जमिनीकडे दाबून धरणारे पंख नव्हते. सगळा भार टायरवर. नवखा खेळणारा पहिल्याच वळणावर गवतात जायचा. याच केमर यांच्या 'आयरेसिंग'मध्ये २००८ पासून ट्रॅक लेझरने मोजून घेतलेले असतात, रस्त्यावरचे उंचवटे-खळगे धरून.

पण खरी मेख टायरमध्येच. नेदरलँड्समधल्या डेल्फ्टचे प्राध्यापक हान्स पासेका आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८७ च्या सुमारास टायरच्या वागण्याचं एक सूत्र मांडलं. त्याला 'मॅजिक फॉर्म्युला' म्हणतात. टायर जसजसा तिरपा होतो, तसतशी पकड वाढते, एका टोकाला पोहोचते आणि मग उतरू लागते. त्या चढ-उताराची रेषा ते सूत्र काढून देतं. गेममधला संगणक असे हिशेब प्रत्येक टायरसाठी, सेकंदाला शेकडो वेळा करतो आणि त्याचं उत्तर मोटर लावलेल्या स्टिअरिंगमधून हातात थरथर बनून येतं. सूत्रात जादू काही नाही. त्यात साइन आहे आणि टॅनचा व्यस्त आहे. म्हणजे आपली त्रिकोणमिती, उर्दू माध्यमातला इल्मे मुसल्लस. ज्या धड्यावर मुलं विचारतात, "सर, याचा पुढे उपयोग काय?"

आता मुंबईकडे येऊ. फॉर्म्युला वनचा अधिकृत गेम बनवणारी इंग्लंडची कंपनी कोडमास्टर्स. एप्रिल २०१० मध्ये तिचा निम्मा हिस्सा मुंबईच्या रिलायन्स बिग एंटरटेन्मेंटने घेतला. पुढच्या वर्षी भारतात पहिली फॉर्म्युला वन शर्यत झाली, ३० ऑक्टोबर २०११ ला, ग्रेटर नोएडाच्या बुद्ध सर्किटवर. आणि कोडमास्टर्सचा 'एफ वन २०११' सप्टेंबरमध्येच बाजारात आला होता, बुद्ध सर्किटसकट! खऱ्या फॉर्म्युला वन गाड्या तिथे धावण्याआधी जगभरची मुलं त्या ५.१२५ किलोमीटरच्या ट्रॅकवर फेऱ्या मारत होती. खरी शर्यत तीन वर्षं चालली आणि २०१३ नंतर बंद पडली. फेब्रुवारी २०२१ मध्ये कोडमास्टर्स अमेरिकेच्या इलेक्ट्रॉनिक आर्ट्सकडे गेली, सुमारे १.२ अब्ज डॉलरला.

म्हणजे माझ्या वर्गातला तो मुलगा चुकीचं काही विचारत नव्हता. या धंद्यात पैसा लावणारे याच शहरात होते. या धंद्याला लागणारं गणित त्याच्याच पाठ्यपुस्तकात होतं. या दोन्हींच्या मध्ये 'हे एक काम आहे आणि ते तुला शिकता येईल' एवढं सांगणारा माणूस हवा होता. ती जागा माझी होती आणि मी ती रिकामी ठेवली.

तो हल्ली लालबागजवळ टायरच्या दुकानात काम करतो. गेल्या महिन्यात स्कूटरचं चाक दाखवायला गेलो. त्याने अंगठा फिरवून सांगितलं, "सर, एका बाजूने घासलंय. पावसाआधी बदला." मी त्याला पासेकांच्या सूत्राबद्दल सांगितलं. तो हसला. "टायर हाताला कळतो सर, सूत्र कशाला?" मग पाना खाली ठेवून जरा वेळाने म्हणाला, "पण कंप्युटरला हात नाही ना. त्याला कसं कळणार?"

या वेळी मी 'आधी दहावी' म्हटलं नाही. खिशातल्या पावतीच्या मागे पकडीची ती रेषा काढली. चढ, टोक, उतार. त्याने पावती उलटसुलट करून पाहिली आणि विचारलं, "ओल्या रस्त्यावर हे टोक खाली येत असेल ना?"

हो, येतं. पुढच्या रविवारी दहावीचं गणिताचं पुस्तक घेऊन त्याच्याकडे जायचं ठरलं आहे.