गुणसूत्रांना ओढते कोण?

मी महाविद्यालयात इतिहास शिकवतो. माझ्या वर्गाला लागूनच वनस्पतिशास्त्राची प्रयोगशाळा आहे आणि तेथील प्राध्यापक माझे स्नेही आहेत. मागच्या पावसाळ्यात त्यांनी मला हाक मारली आणि सूक्ष्मदर्शकाखाली कांद्याच्या मुळाचे टोक दाखवले. आपल्यापैकी शिक्षक मंडळींनी हा प्रयोग केलेलाच असेल. पेल्यातल्या पाण्यावर कांदा ठेवायचा, मुळे फुटली की टोक कापून रंगवायचे आणि काचपट्टीवर दाबायचे. एका पेशीत गुणसूत्रांचे दोन जथे दोन टोकांकडे निघालेले होते. मध्यभाग पुढे, शेपट्या मागे लोंबत. जणू कोणी दोरी बांधून ओढीत आहे. शेजारी उभ्या असलेल्या विद्यार्थिनीने विचारले, "सर, यांना ओढतं कोण?"

"चालक प्रथिने," असे सांगून माझे स्नेही पुढच्या काचपट्टीकडे वळले. उत्तर खोटे नव्हते, पण अर्धे होते. उरलेल्या अर्ध्याच्या शोधात मी पुस्तके चाळली, तेव्हा कळले की त्या मुलीचा प्रश्न शंभराहून अधिक वर्षांचा आहे. त्याचीच हकीगत आज सांगायची आहे.

हा प्रश्न नुसत्या कुतूहलाचा नव्हे, बरं का. पेशी दुभंगते तेव्हा गुणसूत्रांची वाटणी व्हावी लागते, आणि ती भावाभावांच्या वाटणीपेक्षा फार काटेकोर असते. माणसाच्या पेशीत ४६ गुणसूत्रे. (१९५६ सालापर्यंत सारे शास्त्रज्ञ ४८ धरून चालले होते!) अंडपेशी किंवा शुक्रपेशी तयार होताना एक जरी भलत्या बाजूला गेले, तरी जन्माला येणाऱ्या मुलाचे सारे आयुष्य बदलते. १९५९ साली फ्रान्समध्ये जेरोम लेज्यून आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवून दिले की, डाउन सिंड्रोम असलेल्या मुलांत एकविसावे गुणसूत्र एक जादा असते. आईबापांच्या कर्माला बोल लावणाऱ्यांना हे केव्हाच कळायला हवे होते.

आरंभ जर्मनीतल्या कील गावी झाला. तेथे वाल्थर फ्लेमिंग यांनी सॅलॅमँडरच्या पिलांच्या पेशी रंगवून पाहिल्या आणि १८८२ साली आपला मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. धाग्यासाठी असलेल्या ग्रीक शब्दावरून त्यांनी या विभाजनाला 'मायटोसिस' म्हटले. गुणसूत्रांच्या भोवती त्यांना आणखी बारीक धाग्यांची एक आकृती दिसली, दोन्ही टोकांना निमुळती आणि मध्ये फुगीर. चरख्याच्या चातीवर सुताची कुकडी भरली की दिसते तशी. तिला चातीच म्हणू या.

येथेच भांडण लागले. हे धागे मारून रंगवलेल्या पेशीत दिसत, जिवंत पेशीत दिसत नसत. मग काही जण म्हणू लागले, की धागे वगैरे काही नाहीच. अंड्याचा बलक उकळल्यावर घट्ट होतो, तसा औषधांनी पेशीतला रस साखळून हा भास होतो. दोरीच खोटी, तर ओढणाऱ्याची चौकशी कशाला? सत्तर वर्षे हा वाद रेंगाळला.

तो मिटवण्याचे काम जपानच्या मिसाकी येथील समुद्रकाठच्या जीवशास्त्र केंद्राशी जोडलेले आहे. युद्धाच्या अखेरीस नौदलाने ते केंद्र छोट्या पाणबुड्यांच्या तळासाठी घेतले होते. १९४५ साली जपानने शरणागती पत्करली. आता अमेरिकन सैन्य येणार आणि सारे उद्ध्वस्त करणार, अशी धास्ती. त्या वेळी कात्सुमा दान या शास्त्रज्ञांनी इंग्रजीत एक कागद लिहून दारावर लावला. दान अमेरिकेत शिकलेले, पत्नीही अमेरिकन. त्यांनी लिहिले होते की, युद्धाची सामग्री खुशाल नष्ट करा, पण अभ्यासाची साधने विद्यार्थ्यांसाठी राखा, आणि तुमचे काम झाले की आम्हाला आमच्या घरी परत येऊ द्या. खाली नाव नाही. सर्वांत शेवटी निघालेला माणूस, एवढीच सही. कागद वाचणाऱ्यांनी तो फाडला नाही. केंद्र वाचले, आणि तो कागद पुढे अमेरिकेतील वुड्स होल येथील तशाच सागरी प्रयोगशाळेत जपून ठेवला गेला.

दान यांचे शिष्य शिन्या इनोउए यांनी युद्धानंतर मिसाकीत भंगारातून सूक्ष्मदर्शक उभारला. त्याची बैठक म्हणजे टाकून दिलेल्या मशीनगनची बैठक! एका दिशेत कंप पावणारा प्रकाश, म्हणजे ध्रुवित प्रकाश, त्यातून सोडला की शिस्तीत लावलेले धागे न रंगवताही चमकतात. पुढे इनोउए अमेरिकेत गेले, यंत्र सुधारत राहिले, आणि १९५३ साली त्यांनी एका समुद्री किड्याच्या अंड्यात व लिलीच्या फुलातल्या पेशींत जिवंत चातीचे धागे दाखवले. वाद संपला.

त्यांनी आणखी एक पाहिले. पेशी थंड केली किंवा कोल्चिसिन घातले, की धागे काही मिनिटांत विरघळत. ऊब मिळाली की थंडीने गेलेले धागे पुन्हा उभे राहत. हे कोल्चिसिन आपल्या कळलावीच्या कंदातही असते. पावसाळ्यात कुंपणावर लालपिवळी फुलते तीच. मुलांना तिच्यापासून दूर ठेवा. तर इनोउए यांना वाटू लागले की धागा विरघळत आखडत जातो आणि गुणसूत्राला ओढून नेतो. म्हणजे ओढणारा वेगळा कोणी नकोच.

ओढणारे मात्र सापडले, तेही भलत्याच ठिकाणी. १९६५ साली इयान गिबन्स यांनी डबक्यातल्या एकपेशी जीवाच्या हलणाऱ्या केसांतून मिळालेल्या एका प्रथिनाला डायनीन हे नाव दिले. १९८५ साली रोनाल्ड व्हेल, थॉमस रीस आणि मायकेल शीट्झ यांना वुड्स होल येथे माकुळाच्या जाड मज्जातंतूत कायनेसिन मिळाले. हे प्रथिन दोन पायांच्या हमालासारखे सूक्ष्मनलिकेवरून चालते. पाऊल मिलिमीटरच्या सव्वालाखाव्या भागाएवढे, आणि पावलागणिक एटीपी या इंधनाचा एक कण खर्च. चातीचे धागे म्हणजे याच सूक्ष्मनलिका.

विभाजनाशी पक्का धागा जुळवला एका बुरशीने. अ‍ॅस्परजिलस बुरशीच्या एका वाणात उष्णता वाढली की केंद्रक दुभंगत नसे. १९९० साली बिघडलेला जनुक वाचला, तर तो कायनेसिनच्या भावबंदाचा निघाला. या भावबंदाला दोन्ही टोकांना पाय असतात. दोन बांबूंची टोके शेजारी-शेजारी आली असता मधल्या माणसाने दोन्ही हातांनी त्यांना विरुद्ध बाजूंना सारावे, तसे तो चातीचे दोन ध्रुव दूर करतो. १९९९ साली अमेरिकेत त्याला अडवणारे मोनास्ट्रॉल हे द्रव्य सापडले. ते घातलेल्या पेशीत एकच ध्रुव राहतो आणि गुणसूत्रे त्याभोवती फुलासारखी मांडली जातात. वाटणीच होत नाही. यावरून कर्करोगावर औषधे करून पाहिली गेली, पण वाटले होते तेवढे यश आले नाही.

मग इनोउए चुकले का? नाही. १९८८ साली असे दाखवले गेले, की पेशीबाहेर, एटीपी नसतानाही, आखडणारी नलिका गुणसूत्राला आपल्याबरोबर नेते. म्हणजे बैलही ओढतात आणि दोरीही आपली आपण आखडते. शिवाय बळाची मुळीच कमतरता नाही. १९८३ साली ब्रूस निकलस यांनी टोळाच्या पेशीत काचेच्या सुईने गुणसूत्र अडवून ताण मोजला, तो नुसते सरकवायला लागणाऱ्या बळाच्या हजारो पट निघाला. कोणत्या पेशीत कोणाचा वाटा किती, यावर अजून वाद होतात.

वाचता वाचता एक गोष्ट मात्र मला थांबवून गेली. प्राण्यांच्या पेशीत जेथे गुणसूत्राला धागा जोडला जातो, तेथे डायनीन असते. पण फुलझाडांत डायनीन नाहीच. त्यांच्या वंशाने ते केव्हाच गमावले, आणि त्याची कामे नाना तऱ्हेच्या कायनेसिनांनी वाटून घेतली. म्हणजे आमच्या कांद्यातले गडी निराळेच! हे मी स्नेह्यांना सांगितले. ते क्षणभर गप्प राहिले, मग म्हणाले, "त्या पोरीला बोलवा हो, तिला अर्धंच सांगितलं मी." आणि कपाटातून पुन्हा ती काचपट्टी काढू लागले.