पडद्यामागचे देहू : दामले आणि फत्तेलाल

औरंगपुऱ्यातील पुस्तकांच्या दुकानांत चित्रपटाचा कप्पा धुंडाळताना आमच्या हाती नटनट्यांची चरित्रे आणि दिग्दर्शकांची आत्मकथने लागतात. ध्वनिमुद्रक वा कलादिग्दर्शक क्वचितच. साहित्याच्या वर्गातही आमचे वर्तन निराळे नाही. ‘संत तुकाराम’ (१९३६) या ‘प्रभात’च्या चित्रपटावर बोलताना आम्ही तुकोबांची प्रतिमा आणि जिजाईचा रोखठोक संसारी विवेक यांची चर्चा करतो. ते देहू कोणी उभे केले आणि तो अभंग आपल्या कानांपर्यंत कोणी पोचवला, हे प्रश्न अभ्यासक्रमाबाहेरचे ठरतात.

विष्णुपंत दामले आणि फत्तेलाल यांची जडणघडण कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत झाली. तेथे चित्रपट शिकणे म्हणजे हत्याराला हात लावणे. पेंटरांनी कॅमेरा स्वतः घडवला होता आणि रंगवलेल्या पडद्यांऐवजी उभे नेपथ्य रचण्याचा पायंडा पाडला होता. १ जून १९२९ रोजी व्ही. शांताराम, केशवराव धायबर व सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह या दोघांनी कोल्हापुरातच ‘प्रभात’ स्थापन केली. ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) या बोलपटात दामल्यांनी ध्वनी सांभाळला, फत्तेलालांनी नेपथ्य. बोलपटाच्या त्या आरंभकाळात नटाला बहुधा कॅमेऱ्यासमोरच गावे लागे. मायक्रोफोन चुकला की सारे दृश्य पुन्हा. १९३३ मध्ये कंपनी पुण्यास आली.

‘संत तुकाराम’चे दिग्दर्शन या दोघांनी मिळून केले. कान आणि डोळा यांनी एकत्र येऊन रचलेला हा चित्रपट आहे, असे आम्हांस वाटते. संताचे मोठेपण त्यात घोषणेने येत नाही. ते घर, अंगण, दारिद्र्य आणि टाळ यांतून साकारते. वारकरी संतकवीचे हे जग एका मुसलमान कलावंताच्या दृष्टीतूनही घडले, याची आठवण ठेवणे आज अगत्याचे आहे.

चित्रपटातला सालोमालो तुकोबांच्या अभंगांवर आपले नाव घालतो. गंमत अशी की, पडद्यामागे नेमके उलटे घडले. शांताराम आठवले यांनी या चित्रपटासाठी लिहिलेला एक अभंग लोकांनी तुकोबांचाच मानला. एकाने दुसऱ्याची रचना आपली म्हणून मिरवली. दुसऱ्याची रचना इतकी एकजीव झाली की तिचा कर्ताच दिसेनासा झाला. पडद्यामागील कारागिरीचे यश आणि तिच्यावरील अन्याय, दोन्ही याच एका गोष्टीत आहेत. काम जितके चोख, तितका ते करणारा अदृश्य.

१९३७ साली इटलीतील व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला. त्याच वर्षी रोमजवळ चिनेचित्ता हा प्रचंड स्टुडिओ उघडला. तेथेही सुतार, रंगारी, ध्वनितंत्रज्ञ यांच्या बळावर पुढे थोर दिग्दर्शकांची नावे उजळली. हा विसर केवळ आपल्याकडचा नव्हे.

दामले १९४५ मध्ये गेले. ‘प्रभात’च्या पुण्यातील आवारात १९६० साली चित्रपट शिक्षणाची राष्ट्रीय संस्था उभी राहिली; ध्वनी आणि कलादिग्दर्शन हे तेथे रीतसर अभ्यासाचे विषय झाले. आपण संहितेची माणसे. शब्दाचा कर्ता शोधण्याची आपल्याला सवय आहे. पुढल्या वेळी हा चित्रपट वर्गात लावताना श्रेयनामावली पुढे न ढकलता शेवटपर्यंत वाचावी. संहिता तेथूनच सुरू होते.