मार्लिंग, ब्रिट

अमेरिकन पटकथाकार व अभिनेत्री (जन्म १९८२). त्यांनी दिग्दर्शक माइक केहिल यांच्यासह लिहिलेला ‘अनदर अर्थ’ आणि झाल बॅटमॅंग्लिज यांच्यासह लिहिलेला ‘साउंड ऑफ माय व्हॉइस’ हे दोन्ही चित्रपट २०११ च्या सनडान्स महोत्सवात दाखविले गेले. ‘असे घडले तर’ या गृहीतकावर उभी असलेली कल्पित-विज्ञानकथा त्यांच्याकडे दृश्यचमत्कारांपेक्षा पात्रांच्या मनोव्यापारांतून उलगडते. पहिल्या चित्रपटात आकाशात दुसरी पृथ्वी दिसते. परंतु भर आहे तो ऱ्होडावर, जिच्या मोटारीच्या धडकेत एका संगीतकाराची गर्भवती पत्नी व मुलगा मरण पावतात आणि जी तुरुंगवासानंतर ओळख लपवून त्याच्याच घरी साफसफाईला जाऊ लागते. दुसऱ्यातील मॅगी आपण २०५४ मधून आल्याचे सांगते. तिच्या दाव्याबाबतची संदिग्धता काहीशी हट्टी, पण परिणामकारक आहे.