एपिडॉरसची स्वप्नचिकित्सा

दुखणे बरे व्हावे म्हणून देवळात जाऊन झोपायचे आणि स्वप्नात येऊन देवाने उपचार करावा किंवा उपाय सांगावा, ही प्रथा प्राचीन ग्रीक जगात सुमारे एक हजार वर्षे टिकली. या प्रथेचे मुख्य दैवत म्हणजे अपोलोचा पुत्र अस्क्लीपिअस आणि सर्वांत मोठे ठाणे पेलोपोनीसच्या ईशान्य भागातील एपिडॉरस. स्वप्न पडणे माणसाच्या हाती नसते. पण त्यासाठी मनाची व शरीराची तयारी करता येते आणि पडलेले स्वप्न नोंदवून ठेवता येते. एपिडॉरसने नेमके हेच केले आणि त्यामुळे ही प्रथा इतकी दीर्घायुषी ठरली.

एपिडॉरसला इ. स. पू. सहाव्या शतकापासून महत्त्व येत गेले. इ. स. पू. चौथ्या शतकात तेथे मोठे बांधकाम झाले. मंदिरात पारोसच्या थ्रासिमिडीसने घडवलेली सोन्याची व हस्तिदंताची मूर्ती होती. देव सिंहासनावर बसलेला, एका हातात दंड, दुसरा हात नागाच्या मस्तकावर आणि शेजारी कुत्रा, असे तिचे वर्णन पॉसेनिअस या प्रवाशाने केले आहे. मंदिराच्या उत्तरेला एक लांब ओसरी होती. तिला आबाटोन म्हणत. रोगी तेथेच रात्र काढत.

झोपण्याआधी स्नान व अर्पण होई. अस्क्लीपिअसच्याच पर्गामॉन येथील ठाण्यातील एका शिलालेखात अंगठी, कमरपट्टा आणि सोने अंगावर ठेवू नये, अनवाणी यावे, असे नियम आहेत. ओरोपोस येथे अँफिअराओस या दैवताच्या ठाण्यात रोगी मेंढा बळी देऊन त्याच्याच कातड्यावर झोपे. तेथे पुरुषांनी वेदीच्या पूर्वेला आणि स्त्रियांनी पश्चिमेला निजावे, असा दंडक होता.

एपिडॉरसला बरे झालेल्यांच्या हकिकती दगडी शिळांवर कोरून लावलेल्या होत्या. इ. स. दुसऱ्या शतकात पॉसेनिअसला त्यांतील सहा शिळा दिसल्या. पूर्वी त्या अधिक होत्या, असे तो सांगतो. सुमारे 70 हकिकती आज उपलब्ध आहेत. अथेन्सची अँब्रोसिया एका डोळ्याने आंधळी होती. लंगडे नि आंधळे नुसत्या स्वप्नाने बरे होतात, या गोष्टीला ती हसली. देव स्वप्नात आला. ‘बरे करतो, पण अज्ञानाची खूण म्हणून चांदीचे डुक्कर वाहा,’ असे त्याने तिला बजावले आणि डोळा चिरून औषध ओतले. मुतखड्याने बेजार झालेल्या युफानीस या मुलाला देवाने विचारले, ‘बरे केले तर काय देशील?’ ‘दहा फासे,’ मुलगा म्हणाला. देव हसला आणि सकाळी मुलगा बरा होऊन बाहेर पडला. आणखी एकाच्या पायाच्या बोटाला गळू झाले होते. तो झोपला असताना मंदिरातील सापाने बोट चाटले. त्याला स्वप्नात मात्र एक देखणा तरुण औषध लावताना दिसला. नवा रोगी निजण्यापूर्वी या हकिकती वाचे किंवा ऐके. काय अपेक्षा ठेवायची, हे त्याला आधीच ठाऊक झालेले असे आणि त्याची स्वप्नेही त्याच वळणाने जात.

गुण आल्यावर देणे फेडावे लागे. वांद्र्याच्या मोतमाउलीला मेणाचे हातपाय वाहतात, तसे कोरिंथच्या ठाण्यात मातीचे हात, पाय, कान वाहत. उत्खननात ते मोठ्या संख्येने सापडले आहेत.

ही उपासना इतरत्रही पसरली. इ. स. पू. 420 मध्ये अस्क्लीपिअस अथेन्सला आला. इ. स. पू. 293 मध्ये साथीने त्रस्त झालेल्या रोमने त्याला एपिडॉरसहून आणवले आणि टायबर नदीतील बेटावर त्याचे मंदिर उभे राहिले. आजारी गुलामांना मालक त्या बेटावर टाकून देऊ लागले, तेव्हा असा गुलाम बरा झाल्यास स्वतंत्र मानावा, असा आदेश सम्राट क्लॉडिअसने काढला.

काळाबरोबर दृष्टांतांचे स्वरूप बदलले. जुन्या हकिकतींत एका रात्रीत चमत्कार होतो. रोमन काळातील देव पथ्य सांगतो. दुसऱ्या शतकातील अपेलास या अपचनाच्या रोग्याला पाव, चीज आणि लेट्यूस खाणे, मदतनिसाविना अंघोळ करणे, मध घालून दूध पिणे आणि व्यायाम करणे, असे उपाय सांगितले गेले. त्याच शतकात वक्ता एलिअस अरिस्टायडीस पर्गामॉनला दीर्घकाळ राहिला आणि आपली स्वप्ने त्याने ग्रंथरूपाने लिहून ठेवली. वैद्यांचेही या प्रथेशी वैर नव्हते. पर्गामॉनचाच गेलेन वडिलांना पडलेल्या स्वप्नामुळे वैद्यकाकडे वळला, असे तो स्वतः सांगतो. ॲरिस्टॉटलने मात्र स्वप्ने देव पाठवतो हे मत नाकारले; बहुतेक खरी ठरलेली स्वप्ने त्याला योगायोग वाटत. तरीही झोपेत शरीरातील बारीक बदल जाणवू शकतात, हे त्याने मान्य केले.

ख्रिस्ती धर्म राजमान्य झाल्यावर ही ठाणी बंद पडत गेली, पण प्रथा संपली नाही. कॉन्स्टँटिनोपलमध्ये संत कॉस्मस व डॅमिअन यांच्या, तर अलेक्झांड्रियाजवळ मेनूथिस येथे संत सायरस व जॉन यांच्या चर्चमध्ये रोगी झोपत राहिले. सातव्या शतकात सोफ्रोनिअस या लेखकाने मेनूथिसचे 70 चमत्कार लिहिले. एपिडॉरस मात्र मातीखाली गेले. पुरातत्त्वज्ञ पानायिस काव्वादिआस यांनी 1881 मध्ये तेथे उत्खनन सुरू केले, तेव्हा त्या कोरीव हकिकती पुन्हा वाचता आल्या. 1988 मध्ये हे स्थळ युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत समाविष्ट झाले.