बेन म्हणजे कोण?

'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड' भयपटांच्या नादी लागलेल्या प्रत्येकाला माहीत असतो. दिग्दर्शक जॉर्ज रोमेरोही माहीत असतो. नायक कोण विचारलं, की बहुतेक जण 'बेन' म्हणतात. ते पात्राचं नाव. नटाचं नाव ड्युएन जोन्स, आणि मला लिहायचंय ते त्याच्याबद्दल.

१९६७ साली पिट्सबर्गजवळ जाहिरातपट बनवणाऱ्या काही मंडळींनी सव्वा लाख डॉलरच्या आत हा सिनेमा उरकला. पटकथेतला बेन कृष्णवर्णीय नव्हता; होता एक रांगडा, अडाणी ट्रकवाला. जोन्स साहित्य शिकवणारा माणूस. ऑडिशनमध्ये सगळ्यांत सरस ठरला म्हणून घेतला, असं रोमेरो नेहमी सांगायचा. जोन्सने ती गावंढळ भाषा टाकून संवाद आपल्या पद्धतीने बदलले. एका गोऱ्या बाईला थोबाडीत मारायचा प्रसंग आहे, त्याची त्याला धास्ती होती. गोऱ्या सहकाऱ्यांना ती फारशी कळली नसावी!

रात्रभर चालत्या प्रेतांशी झुंजून एकटा वाचलेला बेन सकाळी खिडकीशी येतो, आणि प्रेतं टिपत आलेले गोरे बंदूकधारी त्यालाही प्रेत समजून गोळी घालतात. ४ एप्रिल १९६८ला रोमेरो प्रिंट घेऊन न्यूयॉर्कला निघाला होता, तेव्हा गाडीतल्या रेडिओवर मार्टिन ल्यूथर किंग यांच्या हत्येची बातमी लागली. पटकथेत वंशाबद्दल शब्दही नाही, हे खरंच. पण म्हणून सगळा योगायोग म्हणून मोकळं व्हायचं? मला पटत नाही. तो शांत, विचार करणारा बेन जोन्सने घडवलाय.

पुढे सिनेमाचं नाव बदलताना कॉपीराइटची ओळ गळली आणि तो कुणीही फुकट दाखवावा असा झाला. बनवणाऱ्यांचं नुकसान झालं, बेन मात्र घरोघर पोचला.

जोन्सच्या बाकीच्या चांगल्या कामांना हे भाग्य नाही. बिल गनचा 'गांजा अँड हेस' १९७३ला कानच्या समीक्षक सप्ताहात झळकला. निर्मात्यांना हवा होता स्वस्तातला रक्तपिपासूपट, म्हणून त्यांनी तो कापून दुसऱ्याच नावाने विकला. मूळ प्रत न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात राहिली म्हणून वाचली. कॅथलीन कॉलिन्सचा 'लूझिंग ग्राउंड' १९८२चा, पण थिएटरात नीट लागला २०१५ला. मधल्या काळात जोन्स शिकवत होता, नाटकं करत होता. बेनबद्दल बोलायला फारसा राजी नसे.

२२ जुलै १९८८ला तो गेला. सप्टेंबरात कॉलिन्स गेली, पुढच्या एप्रिलमध्ये बिल गन.

जमलं तर 'लूझिंग ग्राउंड' बघाच. त्यात प्राध्यापक आहे ती नायिका, आणि हा खराखुरा प्राध्यापक झालाय बेकार नट. एका विद्यार्थ्याच्या सिनेमात दोघं काम करतात. शेवटी इथेही त्याला गोळी लागते; झाडणारी तीच, आणि कॅमेरा चालू असतो.