गारगोटी, छापी आणि चिलीम

रमजान ईदच्या दुसऱ्या दिवशी धाकटी बहीण ओढणीत काहीतरी गुंडाळून माझ्याकडे आली. पुण्यात इंजिनिअरिंगला असलेल्या तिच्या मुलाची बॅग धुवायला काढताना ते सापडलं होतं. ‘भाईजान, ये क्या है?’ अंगठ्याएवढी जाड काचेची वाटी, तिला बाजूने काचेचीच नळी, आणि तळाला करपलेल्या पातेल्यासारखा तपकिरी डाग. तिला वाटलं, कॉलेजच्या लॅबमधलं काही असेल. मलाही उलगडा होईना. भाच्याला बोलावलं. आधी ‘मित्राचं आहे’ म्हणाला, मग बराच वेळ गप्प बसला. बोलायला लागला तेव्हा मात्र थांबेना.

या वाटीला ‘नेल’ म्हणतात, म्हणजे खिळा. पूर्वी तो टायटॅनियमचा असे. आता क्वार्ट्झची वाटी आली, नाव तेच राहिलं. गांजाच्या झाडाचा चीक वेगळा काढून त्याचा मधासारखा किंवा मेणासारखा घट्ट अर्क करतात. तो थेट पेटवत नाहीत. वाटी गॅसच्या टॉर्चने तापवायची, थोडी निवू द्यायची, अर्काचा ठिपका टेकवायचा आणि वाफ ओढायची. नवी वाटी आधी धुऊन एकदोनदा रिकामीच तापवून घ्यायची. दर वेळी ती ऊबदार असतानाच कापसाच्या काडीने पुसायची, नंतर स्पिरिटने. नाही पुसली तर राहिलेला अंश जळून काचेवर पांढरट धुकं धरतं आणि ते काही केल्या जात नाही. साधी काच एवढ्या आचेला तडकते, पण वितळवून केलेलं क्वार्ट्झ तापल्यावर फारच कमी प्रसरण पावतं, साध्या काचेच्या जेमतेम पंधराव्या-सोळाव्या हिश्शाएवढं. म्हणून ते लाल होऊनही फुटत नाही. हे सगळं त्याने ज्या आस्थेने सांगितलं, तेवढ्या आस्थेने तो स्वतःचा चष्माही पुसत नाही.

शेवटी म्हणाला, ‘मामू, ये अमेरिका का है. तुम्हाला नाही समजणार.’

हा लेख त्या एका वाक्यामुळे लिहितोय. चीक, आच आणि ती सांभाळणारं भांडं यांचा इतिहास शोधायला नगरच्या पोराला अमेरिकेत जायची गरज नाही.

आमच्या लहानपणी मोहल्ल्याच्या टोकाला, कब्रस्तानाला लागून एक तकिया होता. तिथल्या फकीरबाबांची चिलीम भरण्याचा सोहळा आम्ही पोरं भिंतीआडून बघायचो. कुंभाराकडून आणलेली नवी चिलीम ते आधी पाण्यात बुडवून ठेवत, सावलीत सुकवत, मग निखाऱ्यांत धरत. नाहीतर पहिले काही दिवस मातीचाच वास येतो म्हणत. आत, निमुळत्या भागात एक खडा, म्हणजे ओढताना जळती तंबाखू घशात येऊ नये. खालच्या तोंडाला ओल्या फडक्याची घडी, ती छापी. धूर तिच्यातून गाळून, थंड होऊन येतो. ओढून झालं की खडा काढून खरवडायचा, चिंधीची वात नळीतून ओढायची. फारच कीट धरला की चिलीम पुन्हा निखाऱ्यात, कीट जळून माती मोकळी होईपर्यंत. त्यांच्याकडे चकमकही होती. गारगोटीवर पोलादाचा तुकडा मारून ते कापसावर ठिणगी पाडत, खिशात काड्यापेटी असतानासुद्धा. गारगोटी म्हणजेच क्वार्ट्झ. तेव्हा ती चिलमीखाली आग द्यायला असे, आता वर वाटी होऊन बसली आहे.

छापी हा शब्द आज विस्मरणात गेला असता, पण आपल्याच जिल्ह्यातल्या एका गावाने तो जिवंत ठेवला. शिर्डीच्या साईबाबांचा चिलमीशी असलेला संबंध सगळ्यांना माहीत आहे. दाभोळकरांच्या साईसच्चरितात धूपखेड्याच्या चाँद पाटलाची कथा येते. घोडी हरवलेला हा मुसलमान पाटील रानातून चालला असताना झाडाखाली बसलेला एक फकीर त्याला चिलीम ओढायला बोलावतो. विस्तव नाही, छापी भिजवायला पाणी नाही. फकीर चिमटा जमिनीत खुपसतो तो निखारा निघतो, सटका आपटतो तो पाणी येतं. छापी भिजते, पिळली जाते, चिलमीला गुंडाळली जाते. चमत्कारावर कुणी विश्वास ठेवावा न ठेवावा. माझं लक्ष जातं ते कथा सांगणाऱ्याच्या तपशिलाकडे. चिलीम कशी तयार करतात हे त्या काळच्या वाचकाला इतकं पाठ होतं, की चमत्कारसुद्धा त्या क्रमाने घडावा लागला. पुढे याच पाटलाच्या घरच्या वऱ्हाडाबरोबर बाबा शिर्डीत आले आणि १९१८ च्या दसऱ्याला देह ठेवीपर्यंत तिथल्या मशिदीत राहिले. त्या मशिदीत चिलीम भक्तांमध्ये फिरे. एकमेकांच्या घरचं पाणी न पिणारे लोक एकाच मातीच्या नळीला तोंड लावत.

बाबांची चिलीम तंबाखूची होती, हे स्पष्ट सांगायला हवं. आजकाल काही तरुण स्वतःच्या नशेसाठी साधू-फकिरांच्या नावाची पावती फाडतात. भाच्यानेही तो प्रयत्न केला होता.

पण गांजा नगरला परका होता असंही नाही. उलट इंग्रजी अमलात मुंबई इलाख्यात गांजा पिकवणाऱ्या जिल्ह्यांत आपला जिल्हा प्रमुख होता. १८७८ च्या मुंबई अबकारी कायद्याखाली शेतकऱ्याला परवाना मिळे, माल परवानाधारक व्यापाऱ्याकडे जाई आणि त्यावर सरकारला महसूल मिळे. शेतातलं कसब असं, की नर झाडं वेळीच ओळखून उपटायची, म्हणजे मादीला बी धरत नाही आणि तुऱ्यांत चीक भरतो. गंमत म्हणजे देशात बऱ्याच ठिकाणी शेतकरी चिकाच्या झाडालाच ‘नर’ म्हणत. वनस्पतिशास्त्राने ज्याला मादी म्हटलं तेच ते. मग तुरे खळ्यावर पसरून पायांनी तुडवायचे, उलटायचे, पुन्हा तुडवायचे, म्हणजे चीक दाबून बसतो आणि चपटा गांजा तयार होतो. भाचा ज्या अर्काचं कौतुक सांगत होता, त्यातलं मूळ द्रव्य हेच. फरक इतकाच की खळ्यावर पाय होते, आता ब्युटेन वायू आहे.

१८९३ मध्ये विलायतेच्या पार्लमेंटात केन नावाच्या सभासदाने हिंदुस्थानातल्या गांजाबद्दल प्रश्न विचारला आणि त्यातून ‘हेम्प ड्रग्ज कमिशन’ नेमलं गेलं. मॅकवर्थ यंग अध्यक्ष, सभासदांत मुंबई इलाख्याचे ओमनी. १,१९३ साक्षी झाल्या. १८९४ चा निष्कर्ष असा की बेताच्या सेवनाने सहसा हानी होत नाही, अतिरेकाने होते. बंदी नको, कर आणि नियंत्रण हवं. सरकारला महसूल प्रिय होता, हे विसरून हा निष्कर्ष वाचू नये. पण त्या साक्षींमधून एक चित्र उभं राहतं. गांजा ओढणारे म्हणून पुनःपुन्हा नाव येतं ते बैरागी, गोसावी, साधू आणि फकीर यांचं, आणि उन्हापावसात राबणाऱ्या मजुरांचं. धर्माने ते वेगळे काढता येत नाहीत. चरस तर दख्खनेत फारसा नव्हताच. तो यारकंदहून लेहमार्गे पंजाबात येई. तरीही आज ‘चरसी’ म्हटलं की सिनेमाने शिकवलेल्या डोळ्यांपुढे कोणत्या मोहल्ल्याचं चित्र येतं, ते आपल्याला ठाऊक आहे. कुंभातल्या साधूची चिलीम पोस्टकार्डावर छापली जाते, तकियातल्या फकिराची पंचनाम्यात. मात्र हा दोष दुसऱ्यांनाच देऊन भागणार नाही. आपल्याही शिकलेल्या मुसलमानांनी तकिये ‘जाहिलांचे अड्डे’ म्हणून कधीच वाळीत टाकले, आणि तिथली माणसं उपाशी आहेत की आजारी, हे बघायला कुणी गेलं नाही.

क्वार्ट्झचा आणखी एक जुना संबंध सांगायचा मोह आवरत नाही. नगरचा किल्ला १६०० मध्ये मोगलांनी घेतला, त्यानंतरची गोष्ट. अकबराने असद बेग नावाच्या अधिकाऱ्याला विजापूरला पाठवलं, इब्राहिम आदिलशहाची मुलगी शहजादा दानियालसाठी आणायला. १६०४ मध्ये गोदाकाठी पैठणला लग्न झालं. असद बेग आग्र्याला परतला तो विजापुरी तंबाखू आणि एक नक्षीदार हुक्का घेऊन. नळी अचीनची, जडावाची, जळणाचं भांडं सोन्याचं, आणि तोंडाशी लावायला येमेनी अकीक. त्याने हे सगळं स्वतःच लिहून ठेवलंय. हकीम म्हणाले, या वस्तूबद्दल जुन्या ग्रंथांत काही नाही, जहाँपनाहांनी ओढू नये. असद बेग म्हणाला, प्रत्येक चाल कधीतरी नवीच असते. बादशहाने दोनचार झुरके घेतले आणि सोडून दिलं. अमीर-उमरावांनी मात्र सोडलं नाही. १६१७ मध्ये जहाँगीरने तंबाखूवर बंदीचं फर्मान काढलं, त्याचा उपयोग किती झाला ते पानपट्टीवर दिसतंच.

अकीक आणि भाच्याची वाटी, दोन्ही मुळात सिलिकाच. एक लाव्हाच्या पोकळीत सावकाश साचलेली, दुसरी भट्टीत वितळवलेली.

धर्म काय म्हणतो, हा प्रश्न आमच्याकडे लगेच येतो. तंबाखूवर उलेमांचे मतभेद आहेत. उस्मानी सुलतान चौथ्या मुरादने ती ओढणाऱ्यांना देहदंड दिले, तर दमास्कसच्या अब्दुल गनी नाबुलसींनी तिच्या बाजूने ग्रंथ लिहिला. हशीशबद्दल इतकी मोकळीक नाही. कुरआनात तिचं नाव नाही हा युक्तिवाद सातशे वर्षांपूर्वीही लोक करत होते. इब्न तैमियांनी तो फेटाळला, जरकशींनी त्यावर स्वतंत्र पुस्तिका लिहिली. आधार एकच, जे बुद्धी झाकतं ते दारूच्याच रांगेत. आणि या फतव्यांची गरज पडली याचाच अर्थ, ओढणारे तेव्हाही कमी नव्हते.

नगरपासून हाकेच्या अंतरावर अरणगावला मेहेरबाबांचं मेहेराबाद आहे. साठच्या दशकात अमेरिकी तरुण एलएसडी आणि गांजातून ईश्वर शोधत असताना बाबांनी त्यांना कळवलं की गोळीत ईश्वर नाही. १९६६ मध्ये तिकडे याच विषयावर त्यांची छोटी पुस्तिकाही निघाली. काही तरुण ते ऐकून नशा सोडते झाले. म्हणजे भाच्याच्या अमेरिकेला याबाबतीत सल्ला गेला होता तो आमच्या जिल्ह्यातून.

मी त्याला धर्म कमी आणि कायदा जास्त सांगितला. १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्याने गांजालाही कक्षेत घेतलं, १९६१ च्या आंतरराष्ट्रीय कराराने मुदत घातली आणि १९८५ चा एनडीपीएस कायदा आला. त्यात चरसाच्या व्याख्येतच ‘हशीश ऑइल’ आणि घट्ट केलेला चीक येतो. म्हणजे त्याचा अमेरिकी अर्क आमच्या कोर्टात चरसच. गांजाची ‘अल्प मात्रा’ एक किलोपर्यंत, चरसाची फक्त शंभर ग्रॅम. आणि अल्प मात्रेलाही एक वर्षापर्यंत सक्तमजुरी, दहा हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. त्याच्या मित्राच्या बॅगेत ही वाटी सापडली तर घरी फोन जाईल. तुझ्या बॅगेत सापडली तर आधी तुझं नाव वाचलं जाईल आणि मग टीव्हीवर काय काय जोडलं जाईल ते मला सांगायला लावू नकोस, असं मी म्हणालो. हे बोलताना मला लाज वाटत होती, कारण मामाने भाच्याला असं सांगावं लागू नये. तो म्हणाला, ‘मालूम है, मामू.’ त्याला खरंच माहीत होतं. आमच्या मुलांना हे फार लवकर कळतं.

तो पुण्याला परत गेला त्या रात्री मी वाटी खलबत्त्यात घालून फोडली. आचेला न बधणारं क्वार्ट्झ चौथ्या घावाला गेलं. बहिणीने तुकडे कागदात बांधून टाकले आणि खलबत्ता तीन पाण्यांनी धुऊन उन्हात ठेवला.