कोसी

कोसी : नेपाळ व बिहार यांतून वाहणारी गंगेची एक मोठी उपनदी. लांबी सु. ७२० किमी.; तिबेट, नेपाळ व भारत मिळून पाणलोट क्षेत्र सु. ७४,५०० चौ. किमी. संस्कृत वाङ्मयात ती कौशिकी या नावाने येते. विश्वामित्राची बहीण सत्यवती हिने नदीरूप धारण केले, अशी कथा वाल्मीकिरामायणाच्या बालकांडात आहे. नेपाळमध्ये इंद्रावती, सुनकोसी, तामाकोसी, लिखू, दूधकोसी, अरुण व तमूर या सात प्रवाहांवरून तिला सप्तकोसी म्हणतात. एव्हरेस्ट, कांचनजंघा, ल्होत्से व मकालू या अत्युच्च शिखरांवरील हिमनद्यांचे पाणी तिच्यात येते.

या सातांपैकी भूगोलाच्या दृष्टीने अरुण सर्वांत लक्षणीय होय. तिबेटात उगम पावून ती एव्हरेस्टच्या उत्तरेकडून पूर्वेस वाहते आणि मकालू व कांचनजंघा यांच्या दरम्यान मुख्य हिमालय कापून दक्षिणेस उतरते. पर्वत उंचावत असताना आधीपासून वाहणाऱ्या नदीने आपली दरी खोल करीत नेली, असे अनेक भूवैज्ञानिकांचे मत आहे. कोसीच्या पाणलोटाचा निम्म्याहून अधिक भाग अरुणेचा असूनही पाण्यातील तिचा वाटा सु. ३७ टक्केच भरतो. कारण तिबेटातील तिचा प्रदेश पर्जन्यच्छायेत आहे. सुनकोसी महाभारत पर्वतरांगेच्या उत्तरेकडून पूर्वेस वाहत वाटेतील नद्यांना सामावून घेते, तर तमूर कांचनजंघेच्या बाजूने येते. त्रिवेणी येथे सुनकोसी, अरुण व तमूर यांचा संगम होतो. तेथून वराहक्षेत्राच्या तीर्थावरून जाणाऱ्या अरुंद घळईतून नदी चतरा येथे एकाएकी सपाट प्रदेशात येते.

कोसीचा सारा इतिहास या एकाएकी येण्यात साठवलेला आहे. उतार कमी होताच वेग मंदावतो आणि ठिसूळ डोंगर, कोसळलेल्या दरडी व हिमोढ यांतून आणलेला गाळ खाली बसतो. पात्र भरून उथळ झाले, की प्रवाह शेजारच्या सखल भागात शिरतो. अशा रीतीने उत्तर बिहारात पंख्याच्या आकाराचे विस्तीर्ण गाळाचे मैदान तयार झाले आहे. अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात पूर्णियाजवळून वाहणारी कोसी पुढील दोन शतकांत सु. १२० किमी. पश्चिमेस सरकली. मागे राहिलेले कोरडे प्रवाह, दलदली व वाळूने झाकलेली शेते यांचे चित्र फणीश्वरनाथ रेणू यांच्या परती : परिकथा (१९५७) या हिंदी कादंबरीत आढळते. निर्मली व भपटियाही यांमधील रेल्वे १९३४ मध्ये तुटली. कोसीवरील नव्या पुलाने तो दुवा सप्टेंबर २०२० मध्ये, म्हणजे तब्बल शहाऐंशी वर्षांनी, पुन्हा जोडला गेला.

नदीला बांध घालावेत की नाहीत, हा वाद जुना आहे. १९३७ च्या पाटणा परिषदेत बिहारचे मुख्य अभियंता कॅप्टन जी. एफ. हॉल यांनी बांधांना विरोध दर्शविला. बांधांमुळे पूर थांबत नाही, उलट धोका वाढतो, असा त्यांचा आशय होता. १९४७ च्या निर्मली परिषदेत वराहक्षेत्र येथे उंच धरण बांधण्याची योजना मांडण्यात आली. परंतु ती मागे पडली. १९५३ च्या पुरानंतर सरकारने बांधांचाच मार्ग स्वीकारला. २५ एप्रिल १९५४ रोजी भारत-नेपाळ करार झाला, जानेवारी १९५५ मध्ये काम सुरू झाले आणि नेपाळच्या हद्दीत, भीमनगरजवळ, ५६ दरवाजांचा बंधारा उभा राहिला. त्याची क्षमता ९.५ लाख क्युसेक धरलेली आहे. बांधांबाहेरील मोठ्या भूभागास संरक्षण व कालव्याचे पाणी मिळाले, हे नाकारता येत नाही. मात्र तीनशेहून अधिक गावे दोन बांधांच्या मध्ये अडकली आणि त्यांना दरवर्षी पुराला तोंड द्यावे लागते. शिवाय गाळ आता मैदानभर न पसरता बांधांच्या आतच साचू लागला व पात्र बाहेरील जमिनीपेक्षा उंच होत गेले. १९६३ मध्ये नेपाळातील डलवा येथे आणि १९८४ मध्ये सहरसा भागात बांध फुटले.

१८ ऑगस्ट २००८ रोजी बंधाऱ्याच्या वरच्या बाजूस, नेपाळमधील कुसहा येथे पूर्वेकडील बांध फुटला. त्या वेळी नदीत सु. दीड लाख क्युसेक पाणी होते, म्हणजे संकल्पित क्षमतेच्या सहाव्या भागाइतकेच. बांध पाण्याच्या विशालतेने फुटला नाही. उंचावलेल्या पात्रामुळे आणि बांधाला भिडलेल्या प्रवाहामुळे फुटला. बहुतांश पाणी जुन्या पूर्वेकडील मार्गांनी सुपौल, मधेपुरा, अररिया, सहरसा व पूर्णिया या जिल्ह्यांत शिरले आणि तीस लाखांहून अधिक लोकांना त्याची झळ पोहोचली. पिढ्यान्‌पिढ्या पूर न पाहिलेल्या वस्त्यांना नावा कोठून मिळणार? पुढील वर्षी भगदाड बुजवून नदी पुन्हा बांधांच्या आत आणण्यात आली.

सर्वाधिक नोंदलेला प्रवाह ऑक्टोबर १९६८ मधील ९.१३ लाख क्युसेकचा आहे. सप्टेंबर २०२४ च्या अखेरीस तो ६.६१ लाखांवर पोहोचला, बंधाऱ्याचे सर्व दरवाजे उघडावे लागले आणि बिहारमध्ये काही ठिकाणी बांध फुटले. कटिहार जिल्ह्यातील कुर्सेलाजवळ कोसी गंगेस मिळते.